पोस्टरं काढून पोट भरेल का?

नमस्कार,

बारावी सायन्सला असलेल्या तुमच्या मुलीला ग्राफिक डिझाइन शिकायचंय. तिच्या वहीत पोलंडच्या ‘सॉलिडॅरिटी’ या कामगार संघटनेच्या चळवळीची पोस्टरं पाहून तुम्ही धास्तावलात. ‘ही पुढे लग्नपत्रिका छापणार की सरकारशी भांडणार?’ हा तुमचा प्रश्न.

आधी त्या पोस्टरांविषयी, कारण मुलीची नजर मला फार आवडली. ऑगस्ट १९८० मध्ये पोलंडमधल्या ग्दान्स्क शहरातल्या लेनिन शिपयार्डमध्ये संप झाला. तिथल्याच कला महाविद्यालयात शिकलेल्या येझी यानिशेव्स्की या तरुणाने ‘सोलिदारनोश्च’ (‘सॉलिडॅरिटी’चं पोलिश नाव, म्हणजे एकजूट) हा शब्द लाल रंगात रेखला. अक्षरं मोर्चातल्या माणसांसारखी एकमेकांना खेटलेली, त्यातल्या एकाच्या हाती झेंडा. एकच रंग, त्यामुळे साध्या यंत्रावरही छापता यायचं. डिसेंबर १९८१ मध्ये लष्करी कायदा आला, पुढे संघटनेवर बंदीही आली. तरी ती अक्षरं चोरून छापली जात राहिली. ४ जून १९८९ च्या निवडणुकीत तोमाश सार्नेत्स्कीच्या पोस्टरवर हॉलिवूडच्या काउबॉय चित्रपटातला नट गॅरी कूपर चालत येतो, हातात पिस्तुलाऐवजी मतपत्रिका आणि मागे तीच लाल अक्षरं.

या कामात धोका नव्हता असं मी म्हणणार नाही. लष्करी कायद्याच्या काळात पत्रकं छापणारे, वाटणारे तुरुंगात गेले. पण त्या चित्रांची ताकद नुसत्या रागातून आलेली नाही. अक्षराचं वळण, मोकळी जागा, छपाईचं भान हे सगळं त्या मुलांनी शिकून कमावलं होतं. चांगली लग्नपत्रिकाही याच कौशल्यावर होते. ते कशासाठी वापरायचं, हे मोठी झाल्यावर तिला ठरवू द्या.

पोटाचं म्हणाल, तर चळवळीच्या पोस्टरांवर घर चालत नाही. पॅकेजिंग, प्रकाशनं, वृत्तमाध्यमं, मोबाइल अ‍ॅप इथे काम मिळतं. सुरुवातीचा पगार मात्र बेताचा असतो. आयआयटी मुंबईच्या आयडीसी या डिझाइन विभागासाठी ‘यूसीड’, एनआयडी म्हणजे राष्ट्रीय डिझाइन संस्थेसाठी ‘डॅट’ ही प्रवेश परीक्षा द्यावी लागते. उपयोजित कलेतली बीएफए ही पदवी हाही उत्तम मार्ग आहे. सायन्स घेतल्याने यातलं काही अडत नाही.

तूर्तास तिला एक काम सांगा. तुमच्या वॉर्डातल्या पाण्याच्या प्रश्नावर एक पोस्टर, देवनागरी अक्षरं हाताने काढलेली, रंग एकच, झेरॉक्सवर नीट उठेल असं. झालं की फोटो मला पाठवा. पोर्टफोलिओची सुरुवात त्यावरूनच करू.