काळा टाय, जुनी नोट आणि तुझा प्रश्न

पुणे, रविवार रात्र

चि. बाळास अनेक आशीर्वाद.

जपानहून आलेला तुझा निरोप वाचला. साहेबांचे वडील गेले, उद्या संध्याकाळी सहाला त्सुया, म्हणजे अंत्यविधीच्या आदल्या रात्रीचा शोकविधी, आहे आणि तिथे आपण नक्की काय करायचं, हा तुझा पहिला प्रश्न. दुसरा जरा रागात विचारलायस. ऑफिसातले सगळे आपण ‘मुशूक्यो’, म्हणजे कुठलाच धर्म नसलेले, असं सांगतात आणि एक जानेवारीला देवळापुढे दोन-दोन तास रांग लावतात, ही लबाडी नाही का? दुसऱ्याचं उत्तर लांब आहे आणि सहा वाजायला वेळ थोडा, म्हणून आधी पहिलं.

कोपऱ्यावरच्या कोन्बिनीत, म्हणजे रात्रंदिवस उघड्या छोट्या दुकानात, शोकाच्या पैशांचं पाकीट मिळेल. काळ्या-पांढऱ्या दोऱ्याची गाठ असलेलं घे. लाल-पांढरी गाठ लग्नाची. वर ‘कोदेन’, म्हणजे धुपाची दक्षिणा, ही अक्षरं छापलेलं बघ, कारण त्यांच्या घरचा पंथ कुठला ते आपल्याला ठाऊक नाही. फिकट करड्या शाईचा ब्रशपेन तिथेच असतो, नाव त्यानेच लिही. अश्रू पडून शाई पातळ झाली, असा त्याचा भाव. पाच हजार येन पुरेत, एकच नोट. चारचा उच्चार मरणासारखा आणि नऊचा यातनेसारखा, म्हणून ते आकडे टाळतात. आपण नाही का आहेरात वर रुपया घालून एकशे एक करत, तसंच.

आणि नोट कोरी नको. हे मी ठेच लागून शिकले. १९९४ साली ओकायामात पहिल्यांदा अशा प्रसंगाला जायचं होतं. लग्नाच्या आहेरासाठी आपण कोऱ्या नोटा शोधतो, तशी मी सकाळी बँकेत जाऊन करकरीत नोट आणली. शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी प्रसाधनगृहात गाठून पाकीट दाखवायला सांगितलं, नोट काढली, मधोमध घडी घातली आणि परत आत ठेवली. “कोरी नोट म्हणजे तू मरणाची वाट बघत तयारीत बसली होतीस,” एवढंच म्हणाल्या. पुढे तीन वर्षं आम्ही एकत्र जेवलो, पण त्यांनी तो विषय पुन्हा काढला नाही.

आत गेल्यावर घरच्यांना वाक, फोटोपुढे वाक, उजव्या हाताच्या तीन बोटांनी धुपाची चिमूट घे, कपाळापर्यंत ने, निखाऱ्यावर सोड आणि हात जोड. चिमूट एकदा सोडायची की तीनदा, कपाळाला न्यायची की नाही, हे पंथागणिक बदलतं. जोदो शिन्शू या बौद्ध पंथाचे लोक कपाळाला नेत नाहीत. पुढचा माणूस करील तसं कर. पुढचाही त्याच्या पुढच्याचं बघूनच करत असतो, हे तुझ्या दोन मिनिटांत लक्षात येईल. तुझा विश्वास आहे का, असं तिथे कोणी विचारणार नाही. बोलायचं एकच, ‘गोशूशोसामा देसु’, म्हणजे तुमच्या दुःखात सहभागी आहे, तेही पुटपुटल्यासारखं.

दहनानंतरच्या विधीला तुला बोलावणार नाहीत, तो घरच्यांचा. पण माहीत असू दे. तिथे दोघं जण मिळून, आपापल्या चॉपस्टिक्सनी, एकच हाड उचलून कलशात ठेवतात. आपल्याकडे राख सावडतात, तसंच म्हण. बहुतेक ठिकाणी सगळ्यात शेवटी मानेतला एक मणका ठेवतात. त्याला म्हणतात ‘नोदोबोतोके’, घशातला बुद्ध, कारण तो मांडी घालून बसलेल्या बुद्धासारखा दिसतो. गेल्या महिन्यात तू लिहिलं होतंस ना, की डब्यातली भजी तू चॉपस्टिक्सनी शेजारच्याच्या चॉपस्टिक्समध्ये दिलीस आणि टेबल गप्प झालं? त्यांना आपापला स्मशानातला दिवस आठवला असणार.

आता दुसरा प्रश्न.

‘शूक्यो’ हा शब्द धर्म या अर्थाने रुळला तो १८६८ नंतरच्या मेइजी काळात, पाश्चात्त्यांच्या शब्दाला प्रतिशब्द हवा होता म्हणून. त्यात पंथ, दीक्षा, ग्रंथ, प्रचारक असं सगळं येतं. त्यात २० मार्च १९९५ ला ओम शिन्रिक्यो या पंथाने तोक्योच्या भुयारी रेल्वेत विषारी वायू सोडला. मी तेव्हा जपानातच होते. त्या आठवड्यात माझ्या घरमालकीणबाईंनी दाराशी आलेल्या कुठल्याशा प्रार्थनामंडळाच्या दोन मुलींना “आमच्याकडे शूक्यो नाही” म्हणून परत पाठवलं आणि लगेच आत जाऊन देव्हाऱ्यातल्या सासऱ्यांपुढे ताज्या भाताची वाटी ठेवली, घंटी वाजवली. लबाडी? मला नाही वाटत. आपल्या भाषेत त्यासाठी शब्द आहे आणि तुझ्या आजीला तो माहीत असेल : कुळाचार. शूक्यो नसेल त्यांच्याकडे, कुळाचार आहे आणि शेजारधर्म आहे. ‘तुमचा धर्म कोणता’ हा प्रश्न विचारूच नकोस. ‘ओबोनला घरी काय करता’ असं विचार (ओबोन म्हणजे त्यांचा पितरांचा सण) आणि मग ऐकत बस. काकडीला काड्यांचे पाय लावून घोडा करतात, पितरांनी लवकर यावं म्हणून. वांग्याची गाय करतात, त्यांनी रमतगमत परत जावं म्हणून. हे सांगताना तुझ्या त्या ‘निधर्मी’ हिशेबनिसाचा आवाज कसा बदलतो ते बघ.

गंमत म्हणजे देवळं-मठ आपापले भाविक सरकारला कळवतात, त्यांची बेरीज देशाच्या लोकसंख्येहून मोठी भरते. एकच माणूस शिंतो, म्हणजे तिथल्या मूळ धर्माच्या, देवळातही मोजलेला आणि बौद्ध मठातही. बाळाला पहिल्यांदा शिंतो देवळात न्यायचं, मेल्यावर भिक्षू बोलवायचा. यामागे एक सरकारी कारणही आहे. सतराव्या शतकात तोकुगावा या राज्यकर्त्या घराण्याने ख्रिस्ती धर्मावर बंदी घातली आणि प्रत्येक घराला कुठल्या तरी मठात नाव नोंदवायला लावलं, आम्ही ख्रिस्ती नाही याचा दाखला म्हणून. त्या नोंदलेल्या घराला म्हणतात ‘दान्का’. त्यातलं ‘दान’ आपलंच. नवऱ्याला बायका ‘दान्ना’ म्हणतात, तेही तिथूनच आलंय. कबरीमागे उभ्या केलेल्या उंच फळ्या दिसल्या तर जवळ जाऊन बघ. त्यांना ‘सोतोबा’ म्हणतात, म्हणजे आपला स्तूप. वरची पाच अक्षरं सिद्धम या जुन्या भारतीय लिपीतली, ख-ह-र-व-अ, पंचमहाभूतांची. मी पहिल्यांदा बघितली तेव्हा कबरस्तानात एकटीच मोठ्याने वाचत उभी राहिले होते.

पण हे वाचून भारावून जाऊ नकोस, तुला ती सवय आहे. उद्या निघताना मिठाची पुडी मिळेल, घरात शिरायच्या आधी अंगावर शिंपडायला. ‘केगारे’, म्हणजे विटाळ, निघून जावा म्हणून. (जोदो शिन्शूवाले पुडी देत नाहीत. त्यांच्या मते मरणाचा विटाळ नसतो. मला त्यांचं हे पटतं.) विटाळ आला की तो कायमचा कुणाच्या तरी माथी मारणं आलं, हे आपल्याला समजायला शब्दकोश लागत नाही. कातडं कमावणारे, मेलेली जनावरं ओढणारे यांच्या वस्त्या वेगळ्या, तेच ‘बुराकू’. कायद्याने तो हीन दर्जा १८७१ मध्येच संपवला. तरी १९२२ मध्ये क्योतोत त्यांना सुइहेइशा ही आपली संघटना उभारावी लागली. १९७५ मध्ये उघड झालं की बड्या कंपन्या अशा वस्त्यांच्या याद्या चोरून विकत घेत, नोकरीच्या उमेदवाराचं गाव तपासायला. २०१६ मध्ये पुन्हा कायदा करावा लागला. तुझ्या ऑफिसात हा शब्द कोणी उच्चारणार नाही. तूही जेवणाच्या टेबलावर काढू नकोस, पण ‘इथे जात नाही’ असं घरी लिहून मोकळाही होऊ नकोस.

तीच नम्रता, तीच शिस्त, ज्याचं तू पहिल्या पत्रात इतकं कौतुक केलंस, ती नकोशा गोष्टींवर पांघरूणही घालते. मला ते कळायला चार वर्षं लागली.

असो. महिना-दीड महिन्याने साहेबांकडून परतभेट येईल, तुझ्या पाच हजारांच्या साधारण निम्म्या किमतीची. बहुधा चहा किंवा नोरी, म्हणजे वाळवलेलं समुद्री शेवाळ. उरणार नाही अशीच वस्तू देतात, दुःख घरात रेंगाळू नये म्हणून. त्यामुळे आठवण म्हणून कपाटात ठेवू नकोस, पिऊन टाक. मलाही आणू नकोस, तो चहा तुझ्या नावाचा.

काळा टाय नसेल तर तोही कोन्बिनीत मिळतो. आणि बूट काढावे लागले तर पंचाईत नको, मोजे आत्ताच तपास. तुझ्या मोज्यांना अंगठ्यापाशी भोक असतं, मी वर्गात बघितलंय.

तुझी,
सेन्सेई