जुना आयपॅड आधीच्या मालकाचा ॲपल आयडी मागतोय. कुलूप कसं काढायचं आणि पुढे त्याचा उपयोग काय?

मामेभावाने दिलेला आयपॅड २ तुम्ही कंप्युटरला जोडून रिस्टोअर केलात, म्हणजे पुसून नव्यासारखा केलात, आता तो मामेभावाचाच आयडी-पासवर्ड मागतोय आणि कुणीतरी 'फोडून देतो' म्हणतंय. आधी मामेभावाला फोन करा.

हे कुलूप टॅबलेटच्या आत नसतंच. २०१३ मध्ये आलेल्या आयओएस ७ (आयपॅडची ऑपरेटिंग सिस्टिम) पासून, 'फाइंड माय' ही हरवलेलं यंत्र शोधायची सोय चालू असलेलं यंत्र ॲपलच्या सर्व्हरवर मालकाच्या खात्याशी बांधलेलं असतं. पुसून काढलेलं यंत्र सुरू होताना सर्व्हरला विचारतं, 'मी कुणाचं?' म्हणून रिस्टोअर कितीही वेळा केलंत तरी गाडी तिथेच अडणार.

मामेभावाने त्याच्या घरूनच आयक्लाउडच्या वेबसाइटवर लॉगिन करावं, 'फाइंड डिव्हायसेस'मध्ये हा आयपॅड निवडावा आणि तो खात्यातून काढून टाकावा. त्याचा पासवर्ड तुम्ही मागू नका, गरजच नाही. मग आयपॅड बंद-चालू करून वायफायला जोडा. त्याला पासवर्ड आठवत नसेल तर तो आधी रिसेट करावा लागेल. तेही जमलं नाही, तर मूळ खरेदीची पावती दाखवून ॲपल सपोर्टकडे अर्ज करता येतो. अँड्रॉइड टॅबलेटलाही ५.१ पासून असंच गुगल खात्याचं कुलूप आहे. तिथेही आधीचं खातंच लागतं.

फोडून देणाऱ्यांबद्दल: जुन्या चिपच्या यंत्रांवर ही मंडळी बहुधा तो स्क्रीन नुसता बाजूला सारतात. सर्व्हरवरची नोंद तशीच राहते आणि पुढच्या रिस्टोअरला कुलूप पुन्हा हजर. त्यावर पैसे घालवू नका.

आता उपयोगाचं. आयपॅड २ आयओएस ९.३.५ किंवा ९.३.६ वर थांबलाय, रॅम फक्त ५१२ एमबी. ब्राउझर म्हणून तो जवळपास बाद आहे. असंख्य वेबसाइट्सना सुरक्षिततेचं सर्टिफिकेट देणाऱ्या लेट्स एन्क्रिप्ट या संस्थेच्या साखळीतलं एक जुनं रूट (म्हणजे मुळाचं) सर्टिफिकेट ३० सप्टेंबर २०२१ ला संपलं आणि आयओएस ९ ला त्यांचं नवं रूट ओळखता येत नाही. त्यामुळे बऱ्याच साइट्सवर सर्टिफिकेटची चूक दिसते. तारीख बरोबर लावूनही ती जात नाही. बँकेचे व्यवहार आणि मुख्य ईमेल यावर अजिबात नको.

पण एका कामाला जुंपला तर तो अजून छान चालतो. माझं मत विचाराल तर पीडीएफ वाचायला ठेवा. आयबुक्स त्यात आधीपासूनच आहे, फायली कंप्युटरवरून भरता येतात, इंटरनेट लागत नाही. गाणी आणि फोटोही तसेच सिंक होतात. एखादं ॲप हवंच असेल तर आयपॅडवर वापरता त्याच ॲपल आयडीने ते एखाद्या नव्या यंत्रावर आधी घ्या, मग आयपॅडच्या ॲप स्टोअरमध्ये 'पर्चेस्ड' यादीतून उतरवा. डेव्हलपरने जुनी आवृत्ती ठेवली असेल तर स्टोअर ती देऊ करतं. लहान मुलांच्या हाती देणार असाल तर 'गायडेड ॲक्सेस' चालू करा, म्हणजे एकाच ॲपमध्ये राहतील.

फोटोफ्रेम करणार असाल तर मात्र चोवीस तास चार्जरला लावून ठेवू नका, जुनी बॅटरी फुगू शकते. काच कडेने उचललेली दिसली तर वापर तिथेच थांबवा, दाबून बसवू नका आणि यंत्र ई-कचऱ्यात द्या.