इतिहास आणि कला यांवर माहितीपट करून पोट भरते का?

प्रश्न निपाणीच्या एका इतिहास पदवीधराचा आहे: या क्षेत्रात पूर्णवेळ उतरावे का, त्यासाठी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकावे का, आणि सुरुवातीला कोणता कॅमेरा घ्यावा. कॅमेऱ्याविषयी मी काही लिहिणार नाही, कारण तो बेळगावात भाड्याने मिळतो. कानडी शिलालेखाचा ठसा किंवा मोडीतली फर्द वाचणारी नजर मात्र भाड्याने मिळत नाही, आणि आपल्या भागातल्या इतिहासावर काम करायचे तर तिच्यावाचून गत्यंतर नाही. बेळगाव जिल्हा १९५६ पर्यंत मुंबई राज्यात होता. त्यामुळे इथल्या एकाच वास्तूची कागदपत्रे पुण्याच्या पेशवे दफ्तरात, मुंबईच्या पुराभिलेखागारात आणि धारवाडला अशी विखुरलेली सापडतात. एकच भाषा जाणणारा माणूस त्यांतला एक तुकडा उचलतो आणि त्यालाच संपूर्ण इतिहास म्हणून दाखवतो.

हे मी इतक्या ठामपणे का म्हणतो ते सांगतो. काही वर्षांपूर्वी बेळगावातल्या एका सांस्कृतिक संस्थेने मला किल्ल्यावर मराठी माहितीपट करायला सांगितले. किल्ल्यात कमलबस्ती हे जैन मंदिर आहे, असदखानाची सफा मशीद आहे, दुर्गेचे मंदिर आहे. रट्ट घराण्यातला राजा चौथा कार्तवीर्य याचा अधिकारी बीचण याने १२०४ च्या सुमारास वेणुग्रामात, म्हणजे आजच्या बेळगावात, रट्ट जिनालय (हीच कमलबस्ती असे मानतात) उभारले आणि त्याला दाने दिल्याचे शिलालेख कोरले गेले. ते शिलालेख आज बेळगावात नसून लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत. माझ्या लेखी संपूर्ण चित्रपटाचा कणा हाच होता: वास्तू इथे आणि तिची साक्ष साता समुद्रापार.

कमलबस्तीच्या छतावरचे कमळ चित्रित करताना मी जमिनीवर उताणा पडलो होतो आणि सहायकाने पांढरे धोतर ताणून धरले होते, जेणेकरून दारातून येणारा उजेड त्यावरून परतून तिरका छताला लागावा. थेट दिवा लावला की काळ्या दगडातली कोरीव पाकळी सपाट होते, तिच्यातली तीर्थंकराची बैठक भिंतीवरच्या डागासारखी दिसते. उजेड कडेने आला तरच पाकळीच्या कडेला सावली पडते आणि शिल्पकाराची छिन्नी कुठे थांबली ते कळते. या एका चौकटीसाठी सकाळचा सगळा वेळ गेला. संस्थेचे चिटणीस बाहेर उभे राहून घड्याळाकडे बघत होते.

संकलनाची पहिली प्रत पाहून त्यांनी सांगितले की शिलालेखाचा भाग काढावा आणि किल्ल्याची गोष्ट मराठेशाहीपासून सुरू करावी. त्यांचे शब्द असे होते की जो दगड इथे नाहीच आणि ज्यावरची अक्षरे कानडी आहेत, तो मराठी प्रेक्षकाला दाखवून काय साधणार. मी भाग काढला नाही. पुढे त्याच चित्रपटाच्या कानडी आवृत्तीसाठी दुसऱ्या एका मंडळाशी बोलणे झाले, तेव्हा त्यांना पेशवाईतले मोडी कागद वगळून हवे होते. तीही आवृत्ती झाली नाही. सीमाप्रश्नावर कोणाचे काय मत आहे याच्याशी बाराव्या-तेराव्या शतकातल्या बीचणाला काहीही कर्तव्य नव्हते, आणि माहितीपटकाराने त्याला आजच्या मोर्चात उभे करू नये. चिटणीसांना हे पटले नाही, आजही पटत नसावे. पण ज्याला आपल्या गावाचा इतिहास आठशे वर्षांपैकी शेवटच्या अडीचशेच वर्षांचा हवा आहे, त्याने माहितीपट न काढता फ्लेक्स छापावा.

पैशांचे म्हणाल, तर निव्वळ अशा माहितीपटांवर घर चालत नाही. शताब्दी करणाऱ्या पतसंस्था, साखर कारखाने आणि शाळा यांच्या स्मरणचित्रफिती करून मी हप्ते भरतो, आणि त्यात मला कमीपणा वाटत नाही. बंगळूरची इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स कलाविषयक संशोधनाला अनुदान देते. तुम्हाला मराठी आणि कानडी दोन्ही येत असतील तर तिकडे जरूर अर्ज करा. १९४८ पासून सरकारी माहितीपट काढणारी फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये एनएफडीसीत, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात, विलीन झाली, त्यामुळे जुन्या लोकांनी सांगितलेल्या त्या दाराच्या आठवणींवर विसंबून राहू नका. पुरातत्त्व खात्याच्या संरक्षित वास्तूत चित्रीकरण करायचे तर परवानगीचा अर्ज खूप आधी करावा लागतो. ब्रिटिश म्युझियमची छायाचित्रे अव्यावसायिक कामाला नाव देऊन वापरता येतात. व्यावसायिक कामाला वेगळी परवानगी आणि शुल्क लागते, म्हणून निर्मात्याकडून तो खर्च आधी मान्य करून घ्या.

इन्स्टिट्यूटविषयी मी वर काहीच बोललो नाही, याचा अर्थ ती निरुपयोगी आहे असा घेऊ नये. ध्वनिमुद्रण आणि संकलन तिथे जसे शिकवतात तसे आपल्याकडे कोणी शिकवत नाही, आणि माझ्या कामातली ध्वनीची बाजू आजही लंगडी आहे हे ऐकणाऱ्याला कळते. परवडत असेल तर जा. पण त्याआधी वर्षभर धारवाडला कोणाकडे तरी हळेगन्नड, म्हणजे जुनी कानडी, शिका आणि मोडी वाचायला बसा.

शेवटची गोष्ट व्यवहाराची आहे. आपल्या कायद्यात, कोणी पैसे देऊन चित्रपट करवून घेतला आणि करारात वेगळे काही लिहिले नसेल, तर हक्क करवून घेणाऱ्याकडे जातात. म्हणून करारात दोन ओळी असाव्यात: अंतिम संकलनाचा निर्णय दिग्दर्शकाचा, आणि संपूर्ण मानधन हाती आल्यावरच हक्कांचे हस्तांतरण. माझ्या त्या करारात दुसरी ओळ होती, त्यामुळे शेवटचा हप्ता अडवून धरणाऱ्या संस्थेला तो चित्रपट स्वतःच्या नावाने दाखवता आलेला नाही. मी मात्र तो हळशी आणि देगावच्या शाळांमध्ये शिलालेखासकट दाखवतो.