काल्पनिक दुनियेत शंभर वर्षांतून एकदा उजळणारं आकाश कसं दाखवावं, आणि त्याला नाव काय द्यावं?

तुम्ही लिहिलंय की कादंबरीतलं जग तुमचंच आहे, त्यात चंद्र एकाहून जास्त आहेत, तेव्हा 'काहीही दाखवलं तरी चालेल ना?' नाही चालणार. हेच वाक्य मी एका दिवाळी अंकाच्या संपादकांच्या तोंडून ऐकलंय आणि अजून पचलेलं नाही.

माझ्या गोष्टीतही असंच राज्य होतं. सगळे चंद्र एकाच रात्री पूर्ण होतात ती तिपुनव. (हे नाव माझं आहे, तुम्ही दुसरं शोधा.) आधी दोनच चंद्र होते, थोरल्याची पौर्णिमा दर ४५ दिवसांनी, धाकट्याची दर २८. हिशेब केला तर दोन्ही पुनवा १२६० दिवसांनी जुळतात, म्हणजे साडेतीन वर्षांनी. त्यात दुर्मीळ काय? म्हणून तिसरा बारका चंद्र घातला, ३७ दिवसांचा. आता ४६,६२० दिवस लागतात, सव्वाशे वर्षांच्या वर. एकदा बघितलेला माणूस दुसऱ्यांदा बघायला उरत नाही, पण दरबारच्या जोशीबुवांना पोथीतून तारीख काढता येते. खरी गोष्ट तिथेच होती: पोथी कोणाच्या ताब्यात, आणि तो राजाला खरी तारीख सांगेल का.

अंक हातात आला. तिसरा चंद्र मजकुरातून उडवलेला, 'तीन फार होतात' म्हणून. चित्रात बुरुजावर नायिका, मधोमध मावळता सूर्य आणि त्याच्या दोन्ही बाजूंना थाळीएवढे वाटोळे चंद्र! फोन केला तर म्हणाले, "अहो, काल्पनिक आहे, कोण बघतंय?"

पौर्णिमेचा चंद्र सूर्याच्या समोरच्या बाजूला असतो, म्हणून तर तो पूर्ण उजळतो आणि सूर्य मावळताना उगवतो. तीन चंद्र एकाच वेळी पूर्ण असतील तर तिघांनाही पूर्वेलाच, एका घोळक्यात उगवावं लागेल. सूर्याशेजारी दिसणारा चंद्र फार तर कोर. तिघांच्या कक्षा अगदी ग्रहाच्या सूर्याभोवतीच्या कक्षेच्याच पातळीत ठेवल्या तर जवळचा चंद्र लांबच्याला झाकेल, शिवाय ग्रहाची सावली पडून ग्रहणही लागेल. म्हणून कक्षा थोड्या कलत्या हव्यात. आपल्या चंद्राची सुमारे पाच अंशांनी कललेली आहे, म्हणूनच दर पुनवेला ग्रहण नसतं.

चंद्रांचा हिशेब जमत नसेल तर तारा फोडा. १०५४ साली वृषभ राशीत फुटलेला तारा चिनी नोंदींप्रमाणे २३ दिवस भरदिवसा दिसत होता, आणि रात्री जवळजवळ दोन वर्षं. फक्त तो आधी वर्दी देत नाही. जोशीबुवा तोंडघशी पडतात आणि गावोगावी ज्याला जो अर्थ हवा तो लावला जातो. ती वेगळी कादंबरी झाली, कदाचित जास्त चांगली.

वर्णनाचं म्हणाल तर थोडक्यात आटपा आणि निम्म्या प्रजेच्या डोक्यावर ढग द्या. २२ जुलै २००९ चं खग्रास सूर्यग्रहण या शतकातलं सगळ्यात लांबलेलं. पट्टा सुरतेवरून जात होता, इकडून लोक हौसेने तिकडे गेले, आणि वर पावसाळी आभाळ. भरदिवसा अंधारून आलं तेवढंच पदरात पडलं. असे लोक पुढे आयुष्यभर त्याबद्दल बोलतात, ज्यांना नीट दिसलं त्यांच्यापेक्षा जास्त.

हे सगळं तुमचे चंद्र सूर्याच्या उजेडावर चमकत असतील तरच. जादूने स्वतःच पेटलेले असतील तर कुठेही टांगा, पण मग कोर आणि अमावास्या कादंबरीतून हद्दपार करा. आणि माझे आकडे सोयीसाठी पूर्ण धरलेत. दोन पौर्णिमांमधलं अंतर प्रत्यक्षात थोडं मागेपुढे होतं. जोशीबुवांना चुकायला तेवढी फट पुरते.

अंक निघाल्यावर एका निवृत्त शिक्षकांचं पत्र आलं: 'लेखकाने एकदा संध्याकाळी गच्चीवर जावे.' संपादकांनी ते माझ्याकडे धाडलं, सोबत चिठ्ठी, खुलासा तुम्हीच करा. केला. छापला नाही. चंद्र कुठे उगवतात तो वरचा परिच्छेद त्या खुलाशातलाच आहे, एक शब्द न बदलता.