‘समतोल’, ‘संतुलन’ की ‘ऋत’?

अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विन यांच्या ‘अर्थसी’ या काल्पनिक बेटांच्या जगातल्या कादंबरीमालेवर मराठीत लेख लिहू पाहणाऱ्या एका वाचकाने दोन प्रश्न विचारले आहेत. तिथल्या जादूगारांच्या तत्त्वज्ञानाचा गाभा असलेल्या ‘इक्विलिब्रियम’ या कल्पनेला ‘संतुलन’ म्हणावे, ‘समतोल’ म्हणावे की थेट ‘ऋत’? आणि त्या एकंदर विचाराला, म्हणजे इंग्रजीतल्या ‘मिस्टिसिझम’ला, ‘रहस्यवाद’ म्हटलेले चालेल का?

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर लहान आहे, म्हणून ते आधी देतो. ‘रहस्यवाद’ हा शब्द हिंदीत रुळलेला आहे. मराठीत तो टाळावा. ‘रहस्’ म्हणजे एकांत, त्यावरून ‘रहस्य’ म्हणजे एकांतात सांगण्याजोगे मर्म, आणि १९१५ साली टिळकांनी ‘गीतारहस्य’ हे नाव दिले तेव्हा त्यांच्या मनात हाच अर्थ होता. पुढे बाबुराव अर्नाळकरांच्या रहस्यकथांवर पिढ्या पोसल्या गेल्या आणि ‘रहस्य’ म्हटले की खून कोणी केला हे शोधायचे, एवढाच अर्थ मनात उरला. ‘गूढवाद’ त्यामानाने बरा. ‘गुह्’ म्हणजे लपवणे, त्याचे ‘गूढ’. ‘मिस्टिसिझम’च्या मुळाशी असलेली ग्रीक कल्पनाही डोळे किंवा ओठ मिटण्याचीच आहे. (त्याच धातूचा ‘गुह्य’ हा शब्द गीतेच्या नवव्या अध्यायाच्या नावात दिमाखाने बसला आहे, पण आजच्या मराठीत तो वैद्यकीय अर्थानेच अधिक ऐकू येतो, तेव्हा त्याच्या वाटेला न गेलेले उत्तम.) लेखकाने स्वतःच्या निवेदनात ‘गूढवाद’ एकदा वापरावा, पात्रांच्या तोंडी मात्र साधे ‘विद्या’ ठेवावे, कारण अर्थसीतल्या रोक बेटावर नऊ आचार्य हा विषय शाळा भरवून शिकवतात, आणि आपण शिकतो तो कसला तरी ‘वाद’ आहे, असे तिथल्या कोणाही विद्यार्थ्याला वाटत नाही.

आता मुख्य शब्द. अशा वेळी नामांची यादी तपासण्यापेक्षा त्या नामाबरोबर कोणती क्रियापदे नांदतात ते पाहावे, असे माझे मत आहे. १९६८ सालच्या पहिल्या कादंबरीत गेड हा पोरसवदा शिष्य ओगियन या वृद्ध जादूगाराबरोबर डोंगरवाटेने चालला असताना पाऊस येतो. दुसरा कोणी जादूगार असता तर त्याने मंत्र म्हणून ढग पलीकडे हाकलले असते. ओगियन मात्र पावसाला पडू देतो आणि दाट फरवृक्ष शोधून त्याखाली आडवा होतो. गेड भिजत, चरफडत बसतो. पुढे रोकवर त्याला कळते की एका बेटावर पाडलेला पाऊस दुसऱ्या बेटावरचा दुष्काळ ठरू शकतो. म्हणजे आपल्याला असे नाम हवे की जे माणसाच्या कृतीने बिघडू शकेल आणि माणसाच्या संयमाने टिकू शकेल.

या कसोटीवर ‘ऋत’ मागे पडते. ऋत ही ऋग्वेदातली विश्वव्यवस्था, तिचा रक्षक वरुण. तिचा भंग करणारा पापी ठरतो, पण कोणा शिकाऊ पोराच्या मंत्राने ऋत डळमळले असे आपण म्हणत नाही. ‘ऋत’च्या बाजूने एक जमेची गोष्ट आहे, ती लपवत नाही: त्याचा विरोधी शब्द ‘अनृत’ म्हणजे असत्य, आणि अर्थसीतल्या आदिभाषेत, म्हणजे वस्तूंची खरी नावे असलेल्या मूळ भाषेत, माणसाला खोटे बोलता येत नाही. तरीही त्या जगात वरुण नाही. ले ग्विन यांच्या विचाराची मुळे प्राचीन चिनी ताओमतात आहेत (१९९७ साली त्यांनी ‘ताओ ते चिंग’ची स्वतःची इंग्रजी आवृत्तीही काढली), आणि ‘ऋत’ म्हटल्याबरोबर वाचक सप्तसिंधूच्या काठी जाऊन उभा राहील.

कोणी ‘साम्यावस्था’ही सुचवील. तो शब्द तर अर्थाच्या नेमका उलट जातो. सांख्यमतात सत्त्व, रज आणि तम या गुणांची साम्यावस्था म्हणजे मूळ प्रकृती, आणि ती ढळली की सृष्टी सुरू होते. अर्थसीत ती ढळली की सृष्टी धोक्यात येते.

राहिले ‘संतुलन’ आणि ‘समतोल’. दोन्हींच्या मुळाशी ‘तुल्’ हा एकच धातू. पण ‘संतुलन’ला ‘अन’ प्रत्यय लागलेला असल्यामुळे त्यात क्रियेचा वास राहतो: कोणीतरी संतुलन करतो, साधतो, अर्थसंकल्पात तर घडवूनही आणतो. ‘समतोल’ ही स्थिती आहे. तो असतो, आपण तो राखतो किंवा बिघडवतो. शिवाय त्यातला ‘तोल’ हा रोजच्या वापरातला मराठी शब्द आहे. दोरीवरच्या डोंबाऱ्याचा तोल जातो, तसाच भांडणात बोलणाऱ्याचा तोल सुटतो. शहाणा माणूस शब्द तोलून बोलतो. अर्थसीत जादू म्हणजे दुसरे काही नसून वस्तूचे खरे नाव उच्चारणे आहे, म्हणजे तिथे बोलण्याचा तोल आणि जगाचा तोल या दोन गोष्टी वेगळ्या नाहीतच. गर्वाच्या भरात गेड एका मृत राणीला हाक मारतो आणि तिच्यामागून काळी छाया जगात शिरते. तिथे ‘त्याचा तोल गेला’ एवढे तीन शब्द लिहिले तरी दोन्ही अर्थ एकदम उमटतात. ‘त्याचे संतुलन गेले’ असे लिहून पाहा, म्हणजे फरक कानालाच कळेल.

एक सावधगिरी: त्या आदिभाषेत खड्याचे खरे नाव ‘तोल्क’ आहे. ‘तोल’शी त्याचे साम्य निव्वळ योगायोगाचे आहे, त्यावर व्युत्पत्ती रचू नये.

इंग्रजीत ‘इक्विलिब्रियम’ हा शब्द मोठ्या अक्षराने सुरू होतो. देवनागरीत ती सोय नाही. त्यासाठी ‘महासमतोल’ किंवा ‘विश्वसंतुलन’ असे जडजंबाळ समास घडवण्याची गरज नाही. पहिल्या उल्लेखाला एकेरी अवतरणात ‘समतोल’ लिहावे, आणि पुढे अवतरण काढून टाकावे.