शाळेवरचे जुने सिमेंटचे पत्रे सुट्टीत काढून टाकावेत का?

आपण विचारले आहे की, अंबाजोगाई परिसरातील आपल्या संस्थेच्या शाळेवर जुने सिमेंटचे पत्रे आहेत, गारपिटीत त्यांतले काही फुटले आहेत, आणि अ‍ॅस्बेस्टॉसमुळे कर्करोग होतो हे कळल्यापासून पालक सगळे छत उतरवण्याचा आग्रह धरत आहेत. शिवाय संस्थेकडे आलेल्या एका बंद जिनिंग-प्रेसिंगच्या शेडचा गोदाम म्हणून वापर होतो, तिथला जुना बॉयलर आणि वाफेचे पाइप भंगारात द्यायचे आहेत. मराठवाड्यातील एका साखर कारखान्यात सुरक्षा अधिकारी म्हणून काम केल्यामुळे या दोन्ही गोष्टी मी जवळून पाहिल्या आहेत. माझ्या मते शाळेचे सगळे छत काढण्याची घाई नको, फक्त फुटलेले पत्रे बदलावेत; बॉयलरला मात्र योग्य माणसे मिळेपर्यंत कोणालाही हात लावू देऊ नये.

सिमेंटच्या पत्र्यात साधारण दहा टक्क्यांच्या आसपास पांढरे अ‍ॅस्बेस्टॉस, म्हणजे एका तंतुमय खनिजाचा प्रकार, असते आणि त्याचे तंतू सिमेंटमध्ये घट्ट बसलेले असतात. अखंड पत्रा वर्षानुवर्षे डोक्यावर राहिला तरी त्यातून सुटणारे तंतू फार थोडे असतात; पण तोच पत्रा कटर मशीनने कापला, ड्रिलने भोकसला, हातोड्याने फोडला किंवा खाली फेकला, की डोळ्यांना न दिसणारे तंतू हवेत पसरतात आणि श्वासावाटे फुप्फुसात जाऊन बसतात. अ‍ॅस्बेस्टोसिस (फुप्फुसे कडक होत जाण्याचा आजार), फुप्फुसाचा कर्करोग आणि फुप्फुसाच्या आवरणाचा मेसोथेलिओमा नावाचा कर्करोग हे त्याचे परिणाम बहुधा वीस ते चाळीस वर्षांनी दिसतात, त्यामुळे काम करताना कोणालाही साधा खोकलासुद्धा येत नाही आणि मिस्त्री म्हणतो, ‘साहेब, आम्ही आयुष्यभर हेच केले.’ त्यातून तो बिडी-सिगारेट ओढणारा असेल, तर फुप्फुसाच्या कर्करोगाचा धोका कितीतरी पटींनी वाढतो.

ब्रिटनने १९९९ मध्ये आणि युरोपीय संघाने २००५ पर्यंत अ‍ॅस्बेस्टॉसवर बंदी घातली. आपल्याकडे पांढरे अ‍ॅस्बेस्टॉस आयात करून त्याचे पत्रे बनवणे आजही कायदेशीर आहे, म्हणून दुकानात उघड मिळतो तो पत्रा निर्धोक असे समजू नये. अ‍ॅस्बेस्टॉस नसलेले पत्रेही आता मिळतात आणि दिसायला ते अगदी सारखेच असतात. प्रयोगशाळेत तुकडा तपासल्याशिवाय फरक कळत नाही. तपासणी होईपर्यंत जुना पत्रा अ‍ॅस्बेस्टॉसचाच आहे असे धरून चालावे.

प्रथम इमारतीचा एक साधा नकाशा काढून कोणत्या खोलीवर कोणते पत्रे आहेत, कुठे तडा आहे, कुठे कड झिजली आहे, याची तारखेसह नोंदवही करावी आणि ती मुख्याध्यापकांच्या टेबलावर ठेवावी. वायरमन असो की रंगारी, ती पाहिल्याशिवाय कोणीही शिडी लावू नये. आपल्याकडे नुकसान नेमके याच टप्प्यावर होते. उन्हाळ्यात वर्ग तापतात म्हणून पत्र्याला भोक पाडून सीलिंग टांगले जाते, किंवा चुना लावण्याआधी शेवाळ तारेच्या ब्रशने कोरडेच खरवडले जाते. सीलिंग आणि पंखे लोखंडी अँगलला टांगावेत, आणि पत्रा रंगवायचाच असेल तर तो न घासता, ओला करून, मऊ कुंच्याने रंगवावा. गारपिटीनंतर आणि पावसाळ्यापूर्वी छताची पाहणी खालूनच करावी. छतावरचे पाणी टाकीत साठवता का, असेही पालक विचारतील. या पदार्थाचा सिद्ध झालेला मोठा धोका श्वासातून आहे, पिण्यातून नव्हे, मात्र पन्हळीतला गाळ ओला असतानाच काढावा.

फुटलेले पत्रे उतरवताना पहिला धोका अ‍ॅस्बेस्टॉसचा नसून पडण्याचा असतो, कारण जुना पत्रा माणसाचे वजन पेलत नाही आणि त्यावर पाय देणारा थेट खालच्या फरशीवर येतो. काम शक्यतो खालून, मचाण बांधून करावे. वर जावेच लागले तर अँगलवर टेकणाऱ्या रुंद फळ्या आणि सुरक्षा पट्टा हवाच. शाळेला सुट्टी असताना, वारा नसलेल्या सकाळी, थोडा साबण मिसळलेले पाणी हलक्या फवाऱ्याने मारून पत्रा भिजवावा, हूक कापून तो अखंड सोडवावा आणि हातोहात खाली द्यावा. तोंडाला बांधलेला रुमाल किंवा उपरणे निरुपयोगी आहे. पी-१०० फिल्टरचा (अतिसूक्ष्म कण अडवणारा), चेहऱ्याला घट्ट बसणारा मास्क लागतो आणि दाढी असेल तर तोही नीट बसत नाही. खाली पडलेला चुरा झाडूने झाडू नये, ओल्या फडक्याने टिपून फडक्यासह पिशवीत भरावा. कामगारांनी तिथेच अंघोळ करून कपडे बदलावेत. धुळीचे कपडे घरी धुणाऱ्या बायकांनाही मेसोथेलिओमा झाल्याची उदाहरणे जगभर नोंदलेली आहेत.

उतरवलेले तुकडे पाणंद रस्त्याच्या खड्ड्यात भरू नयेत आणि कोणाला गोठ्यासाठी फुकटही देऊ नयेत. जाड प्लास्टिकच्या दुहेरी आवरणात ते बांधून, वर ठळक अक्षरांत लिहून, प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या प्रादेशिक कार्यालयाशी पत्रव्यवहार करावा; घातक कचऱ्याची सामाईक केंद्रे राज्यात रांजणगाव, तळोजा आणि बुटीबोरी येथे आहेत, त्यांपैकी आपल्याला रांजणगाव सोयीचे पडेल.

आता बॉयलर. जुन्या पाइपांवरचे पांढरे, प्लास्टरसारखे लॅगिंग, म्हणजे उष्णता टिकवणारे वेष्टन, आणि झाकणांमधली दोरी यांत अ‍ॅस्बेस्टॉसचे प्रमाण पत्र्यापेक्षा कितीतरी जास्त असू शकते, ते बोटाने चुरडते, आणि त्यात तपकिरी किंवा निळा, म्हणजे अधिक घातक प्रकारही असू शकतो. भंगारवाला वजनाचा भाव लोखंडाला देतो, त्यामुळे त्याची पोरे पहिले काम म्हणून हेच लॅगिंग हातोडीने झोडतात. आपण ती शेड आजच कुलूपबंद करावी, आतला माल हलवायचा असला तरी पाइपांना धक्का लागू देऊ नये, लॅगिंगचा नमुना तपासून घ्यावा आणि अ‍ॅस्बेस्टॉस निघाल्यास ते काढण्याचा अनुभव असलेल्या ठेकेदारालाच काम द्यावे. लॅगिंग काढून जागा स्वच्छ झाल्यानंतरच भंगाराचा भाव ठरवावा, आणि विक्रीच्या करारात तसे लिहून घ्यावे.