‘द एफबीआय’ की नुसते ‘एफबीआय’?

इंग्रजी लेखनात नव्याने उतरलेल्यांनी संक्षेप आधी मोठ्याने उच्चारून पाहावा. अमेरिकेच्या केंद्रीय तपास यंत्रणेचे १९३५ पासून रूढ असलेले ‘एफबीआय’ हे नाव एकेक अक्षर सुटे करून बोलले जाते आणि नाम म्हणून एकटे आले की त्याआधी ‘द’ लागते; २००३ साली स्थापन झालेल्या इमिग्रेशन खात्याचे ‘आयसीई’ मात्र ‘आइस’ असे सलग म्हटले जाते आणि सहसा ‘द’शिवायच येते. माझ्या सुरुवातीच्या मसुद्यांत ‘अ एफबीआय एजंट’ हीच चूक पुन्हा पुन्हा निघे. ‘एफ’ हे व्यंजन खरे, पण त्याचा उच्चार स्वराने सुरू होतो, म्हणून ‘ॲन एफबीआय एजंट’ हेच बरोबर. बोलण्यातला ‘फेड्स’ हा शब्द इतर केंद्रीय अधिकाऱ्यांनाही लागू होतो, तेव्हा तो एफबीआयसाठी डोळे झाकून वापरू नका.